मंगळावरची संकष्टी

संकष्टीच्या रात्री चंद्राची जेवढी वाट पाहिली जाते तेवढी कोजागरीलाही पाहिली जात नसेल. कोजागरीचा चंद्र नुसता बघायचा असतो, आणि आपण गच्चीवर पोचेपर्यंत तो आधीच येऊन बसलेला असतो. संकष्टीच्या चंद्रापाशी मात्र आपलं काम अडकलेलं असतं. कुकर उतरलेला, मोदकांवर तूप सोडायचं तेवढं बाकी, आणि घरातली सगळी माणसं एकदा भिंतीवरच्या कालनिर्णयाकडे आणि एकदा घड्याळाकडे बघत असतात. चंद्रोदयाच्या तक्त्यातली गावं आमच्या आजीला पाठ होती, आणि मला वाटतं तिने ती मनात मत्सराच्या चढत्या क्रमाने लावून ठेवली होती. पुणं, सोलापूर इथवर ठीक होतं. पण नागपूरला चंद्र मुंबईच्या वीस-पंचवीस मिनिटं आधी उगवतो आणि तिथल्या तिच्या जाऊबाईंचा फोन नेमका त्याच वेळी यायचा. "आमची तर पानंही उचलून झाली," असं त्या अगदी सहज सांगायच्या. आजी रिसीव्हर जरा जास्तच हलक्या हाताने खाली ठेवायची आणि पूर्वेच्या खिडकीत जाऊन उभी राहायची. देव एक, चंद्र एक, घराणंही एक, मग विदर्भातच हा लाड का, असा तिचा सरळ प्रश्न होता.

तिची दुसरी तक्रार खुद्द चंद्राबद्दल होती. चतुर्थीच्या आदल्या दिवशी हा बाबा आठ-साडेआठला हजर असायचा, आणि नेमका उपासाच्या दिवशी नऊ वाजले तरी पत्ता नसायचा. तक्रार खरी होती. चंद्र रोज सरासरी पन्नास मिनिटं उशिरा उगवतो आणि या उशिरात त्याने कधी खंड पाडलेला नाही. कारण साधं आहे, पण त्यातली गंमत मला उतारवयात कळायला लागली. पृथ्वी स्वतःभोवती फिरते ती पश्चिमेकडून पूर्वेकडे. चंद्र पृथ्वीभोवती फिरतो तोही पश्चिमेकडून पूर्वेकडेच. दोघांची दिशा एक. फक्त पृथ्वी आपली गिरकी एका दिवसात उरकते आणि चंद्राला प्रदक्षिणेला सव्वासत्तावीस दिवस लागतात. एका दिवसात तोही थोडा पूर्वेला सरकलेला असतो, त्याला पुन्हा गाठायला पृथ्वीला जरा जास्त फिरावं लागतं, तोच हा उशीर. आपण त्याला रोज मागे टाकतो, आणि मागे पडणारा तो आपल्याला पश्चिमेकडे घसरताना दिसतो. आयुष्यभर पूर्वेला चाललेल्या कुणाला आपण रोज मावळतीला निरोप देत राहावं, आणि त्याने एकदाही हरकत घेऊ नये, असा हा प्रकार आहे.

मुंबईच्या लोकलमध्ये ज्यांनी आयुष्याची निम्मी संध्याकाळ घालवली त्यांना हे समजावून सांगावं लागत नाही. वांद्र्याहून फास्ट सुटते, शेजारच्या रुळांवर त्याच दिशेची स्लो असते, आणि खिडकीतून पाहावं तर ती गाडी उलटी चाललेली. ती उलटी जात नसते, तीही बिचारी बोरिवलीलाच निघालेली असते; आपण जरा जास्त घाईत असतो एवढंच. आपण स्लोमध्ये असलो की हेच चित्र फिरतं, शेजारची गाडी डब्यामागून डबे पुढे काढत निघून जाते. पण या दोन्हींच्या मधे कधीतरी एक विलक्षण क्षण येतो, दोन्ही गाड्यांचा वेग सारखा होतो तेव्हा. चाकं धडधडताहेत, वारा अंगावर येतोय, आणि पलीकडच्या लेडीज डब्यातली बाई मात्र समोरच्या भिंतीवर टांगलेल्या तसबिरीसारखी जागच्या जागी. मांडीवर वर्तमानपत्र, त्यावर मेथीची जुडी. ती एकेक पान खुडतेय, देठ डाव्या बाजूला सारतेय, आणि मग मान वर करून आपल्याकडे बघते. आपण दोघी ताशी साठ किलोमीटरने धावत असतो आणि एकमेकींपुरत्या स्वस्थ बसलेल्या असतो. मग कुणाच्या तरी मोटरमनच्या मनात काहीतरी येतं आणि ती मेथी हळूहळू मागे सरकू लागते. ग्रहांच्या आणि उपग्रहांच्या सगळ्या भानगडी या तीन प्रकारांत बसतात. कुणी आपल्यामागे पडतो, कुणी आपल्यापुढे जातो, आणि क्वचित कुणी बरोबर चालतो.

आपला चंद्र स्लो लोकल. फास्ट लोकलसारखा चंद्र असतो का, हा प्रश्न १८७७ सालच्या ऑगस्टपर्यंत कुणाला पडायचंही कारण नव्हतं. त्या महिन्यात मंगळ पृथ्वीच्या बराच जवळ आला होता आणि वॉशिंग्टनच्या नौदल वेधशाळेत असाफ हॉल नावाचे गृहस्थ मंगळाला चंद्र आहे का ते शोधत होते. हाताशी सव्वीस इंची दुर्बीण होती, त्या प्रकारातली तेव्हाची जगातली सगळ्यांत मोठी. वेधशाळेची जागा मात्र पोटोमॅक नदीकाठच्या धुक्यात. काही रात्री शोधूनही काही सापडेना, तेव्हा हॉलसाहेब नाद सोडायच्या बेतात आले. त्यांच्या पत्नी अँजेलिन स्टिकनी यांनी आणखी एकदा बघा म्हणून सांगितलं. पुढच्या खेपेला, ११ ऑगस्टच्या रात्री, मंगळाशेजारी एक अंधुक ठिपका दिसला, आणि तेवढ्यात नदीवरून धुकं चढलं. मग पुढचे काही दिवस ढग. १६ तारखेला ठिपका पुन्हा सापडला. तो मंगळाबरोबरच सरकत होता, म्हणजे त्याचाच होता. आज आपण त्याला डिमॉस म्हणतो. दुसऱ्या रात्री, त्याहून आत, मंगळाला जवळजवळ चिकटून, दुसरा सापडला. तो फोबॉस.

या फोबॉसने हॉलना चांगलंच चकवलं. तो संध्याकाळी मंगळाच्या एका अंगाला दिसायचा आणि त्याच रात्री उशिरा दुसऱ्या अंगाला. हॉलना वाटलं, आत एक नसून दोन किंवा तीन चंद्र असावेत. एकाच चंद्राने एवढी धावपळ करावी, ही कल्पना त्यांना शिष्टसंमत वाटेना. ग्रह स्वतःभोवती फिरतो त्याच्या आधी चंद्राने त्याची प्रदक्षिणा पुरी करावी, असं तोवर कुणी ऐकलंही नव्हतं. २० आणि २१ ऑगस्टच्या रात्री त्यांनी डोळा न हलवता पाळत ठेवली, तेव्हा उलगडा झाला. चंद्र एकच होता आणि मंगळाच्या एका दिवसात तीन फेऱ्या मारत होता. मंगळाचा दिवस चोवीस तास सदतीस मिनिटांचा. फोबॉसची फेरी सात तास एकोणचाळीस मिनिटांची. एखाद्या सज्जन माणसाला शेजाऱ्याची चहाडी मनाविरुद्ध मान्य करावी लागते, तसं काहीसं हॉल यांचं झालं असणार.

एका लेखकाने मात्र हे दीडशे वर्षं आधीच लिहून ठेवलं होतं, तेही थट्टेत. जोनाथन स्विफ्टच्या 'गलिव्हर्स ट्रॅव्हल्स'मध्ये, १७२६ साली, लापुटा नावाच्या तरंगत्या बेटावरचे खगोलशास्त्रज्ञ मंगळाचे दोन चंद्र शोधून काढतात. हे लोक असे की त्यांचा एक डोळा आत वळलेला आणि दुसरा आकाशात लागलेला, जमिनीवर बघायला तिसरा शिल्लक नाही. त्यांच्या हिशेबाने आतल्या चंद्राची फेरी दहा तासांची आणि बाहेरच्याची साडेएकवीस तासांची. म्हणजे स्विफ्टचे दोन्ही चंद्र मंगळाच्या पुढे धावणारे! पृथ्वीला एक चंद्र, गुरूला त्या काळी ठाऊक असलेले चार, तेव्हा मधल्या मंगळाला दोन हवेत, असं गणित पूर्वीपासून मांडलं जात होतं. स्विफ्टने ते उचललं असावं. थट्टा करता करता माणूस किती खऱ्याजवळ जातो याचा मला नेहमी हेवा वाटतो. डिमॉसवरच्या एका विवराला आता स्विफ्टचं नाव आहे, ते त्याने कमावलेलं आहे.

ग्रहाच्या पुढे धावणाऱ्या चंद्राचा पहिला परिणाम असा, की तो पश्चिमेला उगवतो आणि पूर्वेला मावळतो. हे वाचलं त्या दिवसापासून मला मंगळावरच्या पंचांगकर्त्यांची काळजी लागून राहिली आहे. सूर्यापासून बारा अंश पुढे जायला चंद्राला जो वेळ लागतो ती एक तिथी. आपल्या चंद्राला त्यासाठी साधारण एक दिवस लागतो, फोबॉसला पंधरा मिनिटं. अमावास्येपासून अमावास्येपर्यंतचा अख्खा महिना तिथे आठ तासांच्या आत आटोपतो. आता कल्पना करा, मंगळाच्या विषुववृत्तावर एखादं मराठी कुटुंब राहायला गेलेलं आहे. दिवस-रात्र सारखे असतात ते दिवस. सूर्य मावळतीला टेकतोय आणि त्याच पश्चिमेला, सूर्याच्या पाठोपाठ आत जायचं सोडून, फोबॉस उलटा वर येतो आहे. बीजेची कोर असते ती. आपल्या चंद्राच्या तिसऱ्या हिश्श्याएवढा रुंद, कुठूनही धड गोल नाही, पण कोर ती कोर. नमस्कार करून घरातले आत वळतात, दिवा लावतात, दीड तासाने बाहेर बघतात तर अष्टमी झालेली. सव्वादोन तासांच्या सुमारास एकादशी लागते. एकादशी म्हटल्यावर उपास आलाच. तो पंधरा मिनिटांत सुटतो, आणि साबुदाणा भिजायच्या आत द्वादशीचं पारणं असतं. माझ्या माहितीतल्या कित्येकांना हा ग्रह मानवेल.

पुढे अडचणी वाढतात. सव्वातीन तासांनंतर पौर्णिमा, पण त्याआधीच ग्रहण लागलेलं. फोबॉस मंगळाच्या इतका जवळ आहे की वर्षातला बराच काळ त्याची प्रत्येक पौर्णिमा ग्रहाच्या सावलीतच जाते. कोजागरीचं दूध आटवून ठेवावं आणि वेध लागलेले म्हणून त्यावर तुळशीपत्र टाकून बसावं, हे तिथे नित्याचंच. ग्रहण सुटून तो पुन्हा दिसू लागतो तो झिजायला लागलेला, आणि पूर्वेच्या क्षितिजाला टेकतो तेव्हा कृष्ण चतुर्थी चालू असते. म्हणजे संकष्टी लागते ती चंद्रास्ताला! बीजेला उगवलेला चंद्र त्याच रात्री, चार तास पंधरा मिनिटांत, चतुर्थीला मावळतो. पुढचा चंद्रोदय पहाटे आणि तोही ग्रस्तोदित, म्हणजे ग्रहण लागलेलाच वर येणारा. अशा वेळी उपास सोडायचा की नाही, यावर मंगळावरच्या विद्वानांत दोन तट पडतील, दोन्हीकडून पत्रकं निघतील, आणि तेवढ्यात आणखी दोन पौर्णिमा होऊन जातील.

मग म्हणावं, फोबॉसचं सोडा, डिमॉसवरून संकष्टी करू. डिमॉस शिस्तीचा आहे, पूर्वेलाच उगवतो. त्याची प्रदक्षिणा तीस तासांची, मंगळाच्या दिवसाहून जेमतेम पावणेसहा तासांनी जास्त. म्हणजे ही गाडी आपल्या अगदी शेजारून, केसभर कमी वेगाने चाललेली, आणि त्यामुळे ती मागे पडता पडत नाही. डिमॉस एकदा उगवला की सुमारे साठ तास आकाशात रेंगाळतो. खाली सूर्य मावळतो, उगवतो, पुन्हा मावळतो, पुन्हा उगवतो, आणि वर या गृहस्थांच्या कला न मावळताच जवळजवळ दोनदा पालटून होतात. दिसायला तो ठसठशीत शुक्राएवढाच. निघून गेला की दोन चंद्रोदयांत साडेपाच दिवसांचं अंतर पडतं. कडक उपास करणाऱ्यांनी डिमॉसच्या भरवशावर राहू नये. मला मात्र तो आवडतो. काही पाहुणे 'निघतो आता' म्हणत दारापाशी तासभर उभे राहतात आणि खऱ्या गप्पा तिथेच होतात, ती जात त्याची आहे. २०१३ च्या ऑगस्टमध्ये क्युरिऑसिटी या यंत्राने मंगळाच्या जमिनीवरून रात्री या दोघांचं चित्रण केलं. ओबडधोबड फोबॉस येतो, चिमुकल्या डिमॉसला पाठीमागे झाकून टाकतो आणि पुढे सटकतो. फास्टने स्लोला मागे टाकल्याचं असं चित्रण दुसऱ्या ग्रहावरून त्याआधी कुणी केलेलं नव्हतं.

पश्चिमेला उगवणाऱ्या चंद्राचं अप्रूप वाटून घ्यायला मंगळापर्यंत जायलाच हवं असंही नाही. माणसाने पृथ्वीभोवतीही असे फोबॉस सोडून ठेवले आहेत. आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानक चारशे किलोमीटरच्या आसपास उंचीवरून दीड तासाला एक फेरी मारतं आणि संध्याकाळी ते पश्चिमेच्या अंगाला उगवून पूर्वेकडे जाताना नुसत्या डोळ्यांनी दिसतं. २०२५ च्या जून-जुलैत शुभांशु शुक्ला त्यात होते, तेव्हा आमच्या गच्चीवर बरीच मंडळी जमायची. पाऊसकाळ असल्यामुळे बहुतेक वेळा ढगच दिसायचे. एकदा फट पडली, आणि दिवे न लुकलुकवता एक ठळक चांदणी त्या फटीतून सरळ चालत गेली. वॉचमनकाकांनी वर बघून हात जोडले. आत आपला माणूस आहे म्हणून, की उगवणारा कुठलाही प्रकाश हात जोडण्याजोगा असतो म्हणून, ते मी विचारलं नाही.

राहिला तिसरा प्रकार, बरोबर चालणारा. पृथ्वीला असा नैसर्गिक चंद्र नाही. तो हवा असेल तर विषुववृत्ताच्या डोक्यावर, जमिनीपासून ३५,७८६ किलोमीटर उंचीवर ठेवावा लागतो. तिथे एका फेरीला तेवीस तास छप्पन्न मिनिटं लागतात, पृथ्वीच्या गिरकीइतकीच. आर्थर क्लार्कने १९४५ साली 'वायरलेस वर्ल्ड' मासिकात मांडलं, की असे तीन उपग्रह टांगले तर सगळ्या जगाशी बोलता येईल. १९ जून १९८१ ला भारताचा 'ॲपल' या वाटेने गेला. त्याआधी एका चाचणीसाठी त्याला बैलगाडीवर ठेवलं होतं, कारण आसपास धातूचं वाहन असलं की अँटेनाच्या मोजमापात ढवळाढवळ होते. तो फोटो पाहून पुष्कळांना गरिबी दिसते. मला त्यात बैल दिसतात. पृथ्वीच्या पावलाशी पाऊल जुळवायला निघालेल्या वस्तूला पहिला धडा द्यायला त्यांच्याहून लायक गुरू कुठला मिळणार होता?

महाराष्ट्रात या स्थिर चंद्रांशी पहिली ओळख जुन्नर तालुक्यात झाली. नारायणगावजवळ आर्वीला १९७१ साली उपग्रह भूकेंद्र सुरू झालं, विक्रम साराभाईंच्या नावाचं. नारायणगाव म्हणजे तमाशाची पंढरी. हंगाम आला की फडांचे ट्रक तिथून राज्यभर पांगतात, आज या जत्रेत तर उद्या त्या. आणि त्याच शिवारात एक अवाढव्य तबकडी हिंदी महासागरावरच्या एकाच बिंदूकडे टक लावून उभी. भटक्यांच्या गावी स्थिरांशी सोयरीक जमावी, हे मला फार देखणं वाटतं. आता तर तबकड्या घरोघरी झाल्या. ऊसतोडीच्या पालावर, चाळीच्या कठड्यावर, देवळाच्या ओवरीवर. आणि सगळ्यांची तोंडं दक्षिणेकडच्या आकाशाला. विषुववृत्त आपल्या दक्षिणेला, त्यामुळे आपल्या मालिका, आपली प्रवचनं, इतकंच काय आपले वास्तुशास्त्राचे कार्यक्रमसुद्धा लंकेपलीकडच्या समुद्राच्या डोक्यावरून येतात. ज्या दिशेला पाय करून झोपू नये म्हणून लहानपणी धपाटे खाल्ले, त्या यमाच्या दिशेला अख्खा महाराष्ट्र संध्याकाळी कान लावून बसलेला असतो.

या स्थिर चंद्राला उदय नाही, अस्त नाही, म्हणून त्याच्यावर कुणी उपासही करत नाही. तो कधी आला नाही, मग वाट तरी कसली पाहणार? आणि त्याची स्थिरता तरी कुठली आयती! सूर्य आणि चंद्र त्याला हळूच ओढत राहतात, पृथ्वीही सगळीकडे सारखी गोल नाही, त्यामुळे तो जागेवरून ढळतो. अधूनमधून थोडं इंधन जाळून त्याला परत जागेवर आणावं लागतं. इंधन संपत आलं की शेवटच्या घोटात त्याला तीनेकशे किलोमीटर वर ढकलून देतात, जुन्या उपग्रहांच्या वस्तीत. तिथे गेला की तोही पृथ्वीच्या मागे पडायला लागतो, आपल्या चंद्रासारखा.

मागे पडणं आणि पुढे पळणं यांची किंमत मात्र शेवटी मोजावी लागते. चंद्राच्या ओढीने पृथ्वीला, मुख्यतः तिच्या समुद्रांना, फुगवटा येतो. पृथ्वी जास्त वेगात असल्यामुळे हा फुगवटा चंद्राच्या जरा पुढे जातो आणि तिथून त्याला पुढे खेचत राहतो. त्या खेचण्याने चंद्राची कक्षा मोठी होते. अपोलो ११ च्या माणसांनी १९६९ साली चंद्रावर आरसे ठेवले. त्यांच्यावर लेसर मारून मोजलं तर चंद्र दर वर्षी ३.८ सेंटीमीटरने लांब चालला आहे. आजीच्या पहिल्या संकष्टीपासून आजपर्यंत तो साधारण एका खोलीच्या लांबीएवढा दूर गेला असेल. मोबदल्यात पृथ्वीही थोडी दमते, आपला दिवस शतकाला दोनेक मिलिसेकंदांनी लांबतो. चाळीस कोटी वर्षांपूर्वीच्या प्रवाळांच्या अंगावर रोजच्या वाढीच्या रेघा आहेत, त्या मोजल्या तर तेव्हाच्या वर्षात चारशेच्या आसपास दिवस भरतात. एवढ्या दिवसांत संकष्ट्या किती आल्या असत्या याचा हिशेब मी केलेला नाही.

फोबॉसचं याच्या उलट. तो मंगळाच्या पुढे पळतो, त्यामुळे मंगळावरचा फुगवटा त्याच्या मागे राहतो आणि मागून ओढतो. आता, मागे ओढल्यावर माणूस सावकाश होतो. फोबॉस मागे ओढला की खाली येतो, आणि खाली आला की आणखी जोरात पळतो. जितका आवरावा तितका अनावर! वर्षाला पावणेदोन-दोन सेंटीमीटर तो मंगळाकडे घसरतो आहे. हे घसरणं लक्षात आल्यावर सोविएत शास्त्रज्ञ श्क्लोव्स्की यांनी १९५०च्या दशकाच्या अखेरीस असंही सुचवलं होतं, की फोबॉस आतून पोकळ असावा आणि मंगळावरच्या कुणी तो बनवून सोडला असावा. पोकळ तो निघाला नाही. भुसभुशीत आहे इतकंच. तीन ते पाच कोटी वर्षांत तो एकतर मंगळावर आदळेल, नाहीतर त्याआधी फुटून त्याच्या चुऱ्याचं कडं मंगळाभोवती फिरत राहील. त्यानंतर तिथे डिमॉस एकटा. तोही आपल्या चंद्रासारखा लांब चाललेला आहे, पण इतक्या सावकाश की निघालाय हे कुणाला कळूही नये.

मरिनर ९ ने १९७१ मध्ये फोबॉसचे जवळून फोटो काढले तेव्हा त्याच्या एका बाजूला भलंमोठं विवर दिसलं. सत्तावीस किलोमीटर लांबीच्या त्या धोंड्यावर नऊ किलोमीटरचा खड्डा. घाव आणखी थोडा जोराचा असता तर चंद्रच उरला नसता. त्याला नाव दिलं स्टिकनी. बाईंची हकिगत मला नंतर कळली. न्यूयॉर्क राज्यातल्या मॅकग्रॉव्हिल गावच्या कॉलेजात अँजेलिन गणित शिकवत होत्या आणि असाफ, सुतारकाम सोडून शिकायला आलेला तरुण, त्यांचा विद्यार्थी होता. तेव्हा पुढे त्या होत्या. १८५६ साली लग्न झालं. मग ते वेधशाळेच्या नोकऱ्यांमागे पुढे निघाले, आणि त्या चार मुलं वाढवत त्यांची आकडेमोड करून देऊ लागल्या. असं सांगतात, की या आकडेमोडीसाठी पुरुषाला मिळाला असता तेवढा पगार मला द्या, असं त्यांनी एकदा नवऱ्याला सुनावलं. त्यांनी नाही म्हटलं. बाईंनी त्या दिवसापासून आकडेमोड बंद केली. तरीही ऑगस्टमधल्या त्या रात्री, नवरा दुर्बिणीपासून उठायला निघाला तेव्हा, त्यांनीच त्याला परत बसवलं.

फोबॉसवर असाफ हॉल यांच्याही नावाचं विवर आहे. बाईंच्यापेक्षा ते बरंच लहान आहे. नावं देणाऱ्यांनी पगाराची ती गोष्ट ऐकली होती की नाही कोण जाणे, पण थकबाकी व्याजासकट पोचती झालेली दिसते.